पासकी: पासवर्ड जाईल, पण आधी फोनचा पिन बदला

जीमेल किंवा व्हॉट्सअ‍ॅप उघडताना मध्येच एक चौकट येते, ‘पासकी तयार करा’. खाली दोन बटणं. बहुतेक जण ‘आत्ता नको’ दाबून मोकळे होतात, कारण ८.१२ची लोकल फलाटाला लागत असते आणि मोबाइलवर काही नवीन सुरू करायची ती वेळ नसते. बरंच आहे. पासकी घाईत बनवायची गोष्टच नाही. पण जन्मभर ‘आत्ता नको’ म्हणत राहावं, अशीही ती नाही.

ज्यांनी हा शब्द नुसता पाहिलाय आणि पुढे काय ते माहीत नाही, त्यांच्यासाठी हे लिहितोय. फोन वापरता येतो, यूपीआय जमतं, फक्त सेटिंग्जमध्ये शिरायची धास्ती वाटते, एवढी तयारी पुरे. रविवारी दुपारी जेवण झालं की निवांत बसा. फोन चार्जिंगला लावा, हाताशी एक वही आणि पेन ठेवा. वही कशाला, ते पुढे कळेल.

पासकी म्हणजे काय

पासकी म्हणजे पासवर्ड न टाकता खात्यात शिरायची सोय. ज्या बोटाने, चेहऱ्याने किंवा पिनने तुम्ही फोन उघडता, त्यानेच जीमेल, व्हॉट्सअ‍ॅप, अ‍ॅमेझॉन उघडतं. पाठ करायला काही नाही, टाइप करायलाही काही नाही.

आत काय घडतं ते एकदा समजून घ्या, म्हणजे भीती जाते. एखाद्या साइटवर पासकी बनवली की फोन गणिताने दोन जोडीच्या किल्ल्या तयार करतो. एक सार्वजनिक, ती साइटकडे जाते. दुसरी खाजगी, ती साइटला कधीच दिली जात नाही. समजा तुम्ही प्रत्येक दुकानदाराकडे आपलं एक कुलूप ठेवलंत आणि किल्ली स्वतःच्या खिशात. उद्या दुकान फुटलं तरी चोराच्या हाती कुलूपच लागणार. लॉगिन करताना साइट दर वेळी एक नवा कोरा आकडा पाठवते, फोन त्यावर खाजगी किल्लीने सही करून परत पाठवतो आणि साइट आपल्याकडच्या सार्वजनिक किल्लीने ती सही पडताळते. बोट फक्त फोनला सांगतं की ‘हो, मीच आहे, कर सही’. तुमच्या बोटाचा ठसा गूगलकडे किंवा अ‍ॅमेझॉनकडे जात नाही. हा प्रश्न मला सगळ्यात जास्त विचारला जातो, म्हणून आधीच सांगून टाकलं.

आपण आजवर ‘ओटीपी कुणाला देऊ नका’ इतक्यांदा ऐकलंय की ते शाळकरी पोरालाही पाठ आहे. तरी ओटीपी जातातच, कारण समोरचा माणूस बोलण्यात तरबेज असतो आणि आपण त्याच वेळी गॅसवरचं दूध बघत असतो. पासकीत फोनवर वाचून दाखवता येईल असं तुमच्याकडे काही नसतंच. मला ती आवडते ती एवढ्याचसाठी.

हा काही कुण्या एका कंपनीचा शोध नाही. फिडो अलायन्स नावाच्या संघटनेने यामागचं मानक घडवलं. मे २०२२मध्ये अ‍ॅपल, गूगल आणि मायक्रोसॉफ्ट या तिघांनी ते मिळून राबवायचं जाहीर केलं. त्याच वर्षी आयओएस १६मध्ये पासकी आली, मे २०२३मध्ये गूगल खात्यांना मिळाली. व्हॉट्सअ‍ॅपने ऑक्टोबर २०२३मध्ये अँड्रॉइडवर आणि एप्रिल २०२४मध्ये आयफोनवर दिली. तुमचा फोन अँड्रॉइड ९ किंवा त्यापुढचा, नाहीतर आयओएस १६ किंवा त्यापुढचा असला की काम भागतं.

आता गोंधळ होतो तो नावांचा. यूपीआय पिन म्हणजे पासकी नव्हे. बँकेच्या अ‍ॅपचा एमपिनही नव्हे. ऑक्टोबर २०२५मध्ये यूपीआयमध्ये पिनऐवजी बोट किंवा चेहरा वापरायची सोय आली, तीही वेगळी. आणि ब्लूटूथचा स्पीकर जोडताना कधीकधी जो सहा आकडी कोड दिसतो, त्यालाही जुन्या फोनांत पासकीच म्हणायचे. त्याचा इथे काहीएक संबंध नाही.

खोट्या साइटवर ती का चालत नाही

हे जरा सविस्तर सांगतो.

नोकरी शोधणाऱ्या मुलामुलींना एक मेल येतो: ‘अभिनंदन, आपली निवड झाली आहे, ऑफर लेटर पाहण्यासाठी साइन इन करा.’ दाबलं की हुबेहूब गूगलसारखं पान. तोच लोगो, तीच चौकट. पत्त्यात मात्र एखादं अक्षर जास्तीचं, नाहीतर मध्येच एक आडवी रेघ. माणसाची नजर फसते, विशेषतः फोनच्या एवढ्याशा पडद्यावर. पासवर्ड टाकला की तो ठगाच्या वहीत जातो. वर ओटीपी मागितला आणि तोही टाकला, तर दोन टप्प्यांची पडताळणी असूनही खातं गेलं.

पासकी ज्या पत्त्यावर बनली त्या पत्त्याला बांधलेली असते. गूगलची पासकी गूगलच्या खऱ्या पत्त्यावरच पुढे येते. खोट्या पानावर फोन ती दाखवतच नाही. पत्ता ब्राउझर तपासतो, तुमची नजर नव्हे.

ठगांनाही हे ठाऊक आहे. त्यामुळे त्यांचं पान म्हणतं, ‘पासकीत तांत्रिक अडचण आहे, पासवर्ड टाकून पुढे जा.’ नवख्या माणसाने एवढं एक वाक्य त्या वहीत पहिल्या पानावर लिहून ठेवावं: जिथे रोज बोट मागितलं जातं तिथे आज अचानक पासवर्ड मागितला, तर हात मागे घ्यायचा. ते पान बंद करायचं, ब्राउझरमध्ये स्वतः पत्ता टाकून किंवा थेट अ‍ॅपमधून आत जायचं आणि तिथेही तसंच दिसतंय का ते बघायचं.

कारण पासकी बनवली म्हणून जुना पासवर्ड आपोआप जात नाही. बहुतेक साइटवर तो पर्याय म्हणून शिल्लक असतोच. तो ‘गणपती@१२३’ छापाचा असेल तर याच बैठकीत बदलून टाका. रोज टाकायचा नाहीये, त्यामुळे लांबलचक आणि वेडावाकडा ठेवायला काहीच हरकत नाही.

पायरी पहिली: फोनचं कुलूप

पासकीबद्दलचे बहुतेक लेख थेट ‘सेटिंग्जमध्ये जा, बटण दाबा’ इथून सुरू होतात. मुंबईत राहणाऱ्याने तसं करू नये. पासकी आली की तुमची सगळी खाती एकाच गोष्टीवर येऊन ठेपतात, आणि ती गोष्ट म्हणजे फोनचा पिन. बोट ओलं असलं, चेहरा ओळखला नाही, की फोन पिन मागतो. ज्याला पिन ठाऊक, त्याला पासकीही उघडी.

आता आपण पिन कुठे टाकतो ते आठवा. संध्याकाळची विरार फास्ट, अंगाला अंग लावून उभी माणसं, मागच्याची हनुवटी तुमच्या खांद्यावर. बोट घामाने चिकट झालेलं, म्हणून फोन पिन मागतोय आणि तुम्ही चार आकडे टाकताय. मागच्याला वाचायचंच नाही म्हटलं तरी दिसतात. त्यातही पिन २५८० असेल, म्हणजे आकड्यांच्या पाटीवरची मधली सरळ रेघ, तर बघायचीही गरज नाही. जन्मसाल, गाडीचा नंबर, १२३४ यांचं तर बोलायलाच नको.

दारात उभं राहून फोन बघणाऱ्यांच्या हातावर रुळांलगतच्या खांबावरून काठीचा फटका मारून फोन पाडणारे चोर मुंबईला नवीन नाहीत. असा फोन हातातून जातो तेव्हा तो उघडाच असतो, कारण तुम्ही तो वापरत असता. इथे पासकीचा एक फायदा आहे. उघड्या फोनवरही पासकी वापरताना बोट किंवा पिन पुन्हा मागितला जातो. अर्थात जीमेलचं अ‍ॅप आधीच उघडं असेल तर त्यातले मेल चोराला दिसणारच, त्यावर पासकी काही करू शकत नाही. आणि चोराने आधी तुमचा पिन पाहून ठेवला असेल, तर सगळंच मुसळ केरात.

तर सगळ्यात आधी हे करा. पिन किमान सहा आकडी ठेवा, आणि आकडे असे घ्या की त्यांचा घरातल्या कुठल्याही तारखेशी संबंध नसेल. यूपीआय पिन आणि फोनचा पिन एकच ठेवू नका. हे इतकं सर्रास दिसतं की विचारायची सोय नाही.

मग बोटांची यादी उघडा. सेटिंग्ज, सिक्युरिटी, फिंगरप्रिंट. मुलुंडला आमच्या सोसायटीतल्या एका काकूंचा फोन घेऊन बसलो होतो, तर यादीत पाच ठसे निघाले. मी म्हटलं, “काकू, ही कुणाकुणाची?” त्यांनी बोट लावून लावून पाहिलं. दोन त्यांची, एक काकांचं. “आणि हे चौथं आमच्या नातवाचं हो. गेम खेळायला मागतो, दर वेळी मला झोपेतून उठवणार, म्हणून मीच घालून दिलं.” पाचवं कुणाचं ते त्यांना शेवटपर्यंत आठवलं नाही. म्हटलं, “काकू, पासकी केली की याच बोटाने तुमचं जीमेल उघडेल, आणि त्या जीमेलवर तुमच्या बँकेची पत्रं येतात.” त्यांनी नातवाचं आणि ते पाचवं, दोन्ही पुसायला लावली. काकांचं ठेवलं, आणि तेही जरा विचार करूनच.

घरात एकच फोन सगळे वापरत असतील तर त्या फोनवर पासकी बनवू नये, असं माझं स्पष्ट मत आहे. गूगलसुद्धा सांगतं की पासकी फक्त स्वतःच्या, खाजगी उपकरणावरच तयार करावी.

चोरीसाठीच्या दोन सोयीही इथेच चालू करून घ्या. आयफोनवर आयओएस १७.३पासून ‘स्टोलन डिव्हाइस प्रोटेक्शन’ आहे. ते चालू असलं की घर-ऑफिससारख्या नेहमीच्या जागांबाहेर साठवलेले पासवर्ड आणि पासकी वापरायला चेहरा किंवा बोटच लागतं, पिन चालत नाही. अ‍ॅपल खात्याचा पासवर्ड बदलायचा तर तासभर थांबावं लागतं. लोकलमध्ये पिन पाहिलेल्या चोरावर याहून चांगला उतारा नाही. अँड्रॉइडवर गूगलच्या सेटिंग्जमध्ये ‘थेफ्ट प्रोटेक्शन’ शोधा. त्यात हिसका बसून फोन पळाला असं वाटल्यास पडदा आपोआप बंद करणारी सोय आहे, आणि दुसऱ्या फोनवरून कुलूप लावायला ‘रिमोट लॉक’ही आहे. दोन्ही चालू करा.

पायरी दुसरी: परतीचा रस्ता

फोन गेला तर पासकीचं काय, हा प्रश्न रास्त आहे. पासकी सहसा एका फोनपुरती नसते. अँड्रॉइडवर ती गूगल पासवर्ड मॅनेजरमध्ये आणि आयफोनवर आयक्लाउड किचेनमध्ये साठते, कूटबद्ध होऊन, म्हणजे दुसऱ्या कुणाला वाचता येणार नाही अशी. नव्या फोनवर त्याच खात्याने आत गेलात आणि जुन्या फोनचा पिन किंवा त्यासाठी ठरवलेला वेगळा पिन दिलात, की पासकी परत मिळतात. म्हणजे खरा मुद्दा नव्या फोनवर त्या मूळ खात्यात शिरता येणं हा आहे. आणि नेमकं तिथे लोक अडकतात.

का अडकतात, तर सगळ्यांनी खातं परत मिळवायला एकच मोबाइल नंबर दिलेला असतो, आणि तो चोरीला गेलेल्या फोनातच असतो. डुप्लिकेट सिम घेतलं तरी सिम बदलल्यावर पहिले २४ तास एसएमएस बंद राहतात. सिम-स्वॅपची फसवणूक रोखायला दूरसंचार विभागानेच हा नियम केलाय. नियम चांगला आहे, पण त्या दिवसभरात तुम्हाला ओटीपी येणार नाही.

म्हणून गूगल खात्यात तीन गोष्टी बघा. रिकव्हरीचा नंबर चालू आहे ना. रिकव्हरीचा ईमेल तुम्हाला उघडता येतो ना. कॉलेजात असताना काढलेला आणि पासवर्ड विसरलेला नको. आणि दोन टप्प्यांची पडताळणी चालू करून ‘बॅकअप कोड्स’ घ्या. आठ आकडी दहा कोड मिळतात, प्रत्येक एकदाच चालतो. वही यासाठी काढायला सांगितली होती. ते हाताने उतरवा, किंवा छापून शिधापत्रिका ठेवता त्या फाइलमध्ये ठेवा. त्यांचा फोटो काढून गॅलरीत ठेवलात तर फोनबरोबर तेही जातील. आयफोनवाल्यांनी अ‍ॅपल खात्यात घरच्या एका विश्वासू माणसाला ‘रिकव्हरी कॉन्टॅक्ट’ नेमावं.

पायरी तिसरी: गूगलची पासकी

आता प्रत्यक्ष काम, आणि ते पाच मिनिटांचंही नाही. फोनच्या सेटिंग्जमधून गूगल, मग ‘मॅनेज युवर गूगल अकाउंट’. तिथे सिक्युरिटीच्या भागात ‘हाऊ यू साइन इन टू गूगल’ या मथळ्याखाली पासकीची ओळ आहे. दाबा. ‘क्रिएट अ पासकी’ येईल. बोट लावा. झालं.

कदाचित तिथे आधीच एक पासकी दिसेल. घाबरू नका, अँड्रॉइड फोनवर खात्यात आत असलं की गूगल ती आपोआप तयार करून ठेवतं. मात्र यादीत उपकरणांची नावं नीट वाचा. दोन वर्षांपूर्वी विकलेला फोन किंवा आधीच्या नोकरीतला लॅपटॉप दिसला तर तो तिथल्या तिथे काढून टाका.

सॅमसंगचा फोन असेल तर पासकी कुठे ठेवायची यासाठी तो आधी सॅमसंग पास पुढे करतो. पुढचा फोन सॅमसंगचाच घेणार याची खात्री नसेल, तर गूगल पासवर्ड मॅनेजर निवडा. घरी अँड्रॉइड फोन आणि आयपॅड असा मिश्र संसार असेल तर दोन्हींवर वेगवेगळी पासकी बनवा. एका खात्याला कितीतरी पासकी असू शकतात.

व्हॉट्सअ‍ॅपवर सेटिंग्ज, अकाउंट, पासकीज. तीच पद्धत. पुन्हा व्हॉट्सअ‍ॅप टाकताना एसएमएसच्या कोडऐवजी ती वापरता येते. पण व्हॉट्सअ‍ॅपबाबत एक तंबी देऊन ठेवतो. तिथे ठग तुमचं खातं पळवण्यापेक्षा स्वतःचा संगणक तुमच्या खात्याला जोडायला बघतात. ‘या फोटोत तू आहेस का बघ’ म्हणून लिंक येते, आणि तिथे तुमच्याकडून जोडणीचा कोड टाकून घेतला जातो. पासकी त्याच्या आड येत नाही. म्हणून ‘लिंक्ड डिव्हायसेस’ अधूनमधून उघडून पाहा आणि अनोळखी दिसेल ते लॉग आउट करा. ‘टू-स्टेप व्हेरिफिकेशन’चा सहा आकडी पिनही ठेवाच.

अ‍ॅमेझॉनवर ‘लॉगिन अँड सिक्युरिटी’मध्ये पासकी आहे. बाकीच्या साइट जशा विचारतील तशा करत जा, मुद्दाम शोधत फिरू नका.

पायरी चौथी: दुसऱ्याच्या संगणकावर

स्टेशनबाहेरचं झेरॉक्सचं दुकान. आधारची पीडीएफ छापायची आहे, ती मेलमध्ये आहे, आणि दुकानातला पोरगा म्हणतो, “काका, इथेच जीमेल उघडा ना.” रांगेत मागे चार माणसं. त्या कीबोर्डवर पासवर्ड टाकणं म्हणजे काय, ते मी सांगायला नको.

पासकी असेल तर लॉगिनच्या पानावर दुसरं उपकरण वापरायचा पर्याय निवडायचा. पडद्यावर क्यूआर येतो. तो तुमच्या फोनच्या कॅमेऱ्याने टिपायचा, फोनवर बोट लावायचं, आणि संगणकावर मेल उघडतो. पासवर्ड कुठेच टाकला जात नाही, आणि पासकी फोनमध्येच राहते. यासाठी दोन्हीकडे ब्लूटूथ चालू लागतं, कारण फोन खरोखर जवळच आहे ना याची त्यातून खातरजमा होते. त्यामुळे कुणी दूर बसून व्हॉट्सअ‍ॅपवर असा क्यूआर पाठवला तर त्याला त्यातून लॉगिन होत नाही.

अडचण अशी की दुकानातल्या जुन्या डबड्याला ब्लूटूथ नसतंच. तेव्हा सरळ दुकानाच्या व्हॉट्सअ‍ॅपवर पीडीएफ पाठवा, छापून झाल्यावर त्याच्यासमोर ती पुसायला सांगा. क्यूआरने आत गेलातच, तर निघताना लॉग आउट करा. आणि ‘या संगणकावर पासकी तयार करू का?’ असं विचारलं तर नाही म्हणा. ऑफिसमध्ये सगळ्यांच्या वापरातल्या संगणकालाही हेच लागू.

बँकेचं काय

बँकांच्या अ‍ॅपमध्ये अजून बहुतेक ठिकाणी एमपिन आणि ओटीपीच चालतो, आणि सरकारी पोर्टलंही मुख्यतः मोबाइल नंबर आणि ओटीपीवरच आहेत. वारं मात्र बदलतंय. रिझर्व्ह बँकेने २५ सप्टेंबर २०२५ रोजी काढलेल्या निर्देशांनुसार डिजिटल व्यवहारांसाठी १ एप्रिल २०२६पासून नवी चौकट लागू केली आहे. त्यात दोन घटकांची पडताळणी कायम आहे, पण एसएमएसचा ओटीपीच हवा असा आग्रह नाही; बोट, चेहरा, उपकरणाला बांधलेली किल्ली असे मार्गही मोकळे आहेत. मास्टरकार्डने ऑनलाइन खरेदीसाठीच्या पेमेंट पासकीची चाचणी ऑगस्ट २०२४मध्ये आधी भारतातच सुरू केली. म्हणजे आज ना उद्या तुमची बँकही विचारेल. विचारलं तर बँकेच्या अ‍ॅपमध्येच जाऊन करा. ‘पासकी अपडेट करा नाहीतर खातं बंद’ असा मेसेज किंवा फोन आला तर तो खोटा समजा.

पासकी काय करू शकत नाही हेही पक्कं असू द्या. ‘पोलीस बोलतोय’ म्हणून व्हिडिओ कॉलवर दिवसभर बसवून ठेवणाऱ्याला तुम्ही स्वतः पैसे पाठवलेत, किंवा गॅसचं बिल थकलंय म्हणून आलेली फाइल फोनमध्ये टाकलीत, तर पासकी काहीच थांबवणार नाही. पैसे गेले असतील तर लगेच १९३०ला फोन. उद्यावर ढकलू नका, पैसे गोठवायला सुरुवातीचा वेळच कामाचा असतो.

फोन गेलाच तर

इथे क्रम महत्त्वाचा, आणि तो बहुतेक जण उलटा लावतात. पहिली धाव सिम बंद करायला घेतात. पण सिम बंद झालं की फोनचं इंटरनेट गेलं, मग दुरून कुलूप लावायचा आदेश त्या फोनपर्यंत पोचत नाही.

शेजारच्या प्रवाशाचा फोन मागा. तुमचा गेलेला फोन अँड्रॉइड असेल तर अँड्रॉइड डॉट कॉम स्लॅश लॉक या पानावर जा. आधी ‘रिमोट लॉक’ चालू केलेलं असेल, तर फोन नंबर टाकून पडदा बंद करता येतो, पासवर्ड लागत नाही. आयफोन असेल तर आयक्लाउडच्या ‘फाइंड’मधून ‘लॉस्ट’ म्हणून नोंदवा. त्यानंतर लगेच सिम बंद, मग बँकेला फोन करून यूपीआय आणि नेट बँकिंग थांबवा. लोकलमध्ये किंवा फलाटावर गेला असेल तर रेल्वे पोलिसांकडे, म्हणजे जीआरपीच्या ठाण्यात तक्रार द्या. ‘हरवला’ लिहून द्या असं सुचवलं गेलं आणि फोन चोरीला गेला असेल, तर चोरी असंच लिहायला लावा. त्या तक्रारीच्या प्रतीवर पुढे संचार साथी या सरकारी पोर्टलवर आयएमईआय, म्हणजे फोनचा स्वतःचा ओळख क्रमांक, ब्लॉक करता येतो. खोक्यावरचा तो पंधरा आकडी नंबर वहीत आत्ताच उतरवून ठेवा; स्टार हॅश ०६ हॅश डायल केलं की पडद्यावरही येतो.

घरी आलात की बॅकअप कोड काढा, संगणकावरून किंवा घरच्यांच्या फोनवरून गूगल खात्यात शिरा, आणि उपकरणांच्या यादीतून चोरीला गेलेला फोन साइन आउट करा. पासकीच्या यादीतही त्याचं नाव असेल तर काढा.

दुरुस्ती आणि विक्री

लॅमिंग्टन रोडला किंवा गल्लीतल्या दुकानात फोन दुरुस्तीला टाकताना ‘पिन लिहून द्या’ म्हणतात, आणि आपण चिठ्ठीवर लिहून देतोही. आता देऊ नका. सॅमसंगमध्ये ‘मेंटेनन्स मोड’ आणि पिक्सेलमध्ये ‘रिपेअर मोड’ आहे. तो चालू केला की दुरुस्ती करणाऱ्याला फोन तपासता येतो, पण तुमचा डेटा दिसत नाही. तशी सोय नसेल आणि पडदा बदलण्याएवढंच काम असेल, तर समोर उभं राहून करून घ्या, आणि लागेल तेव्हा पिन स्वतः टाका.

फोन विकताना किंवा एक्स्चेंजमध्ये देताना आधी नव्या फोनवर सगळ्या पासकी चालतात ना, ते एकेका साइटवर बोट लावून बघा. मग जुन्यातून गूगल किंवा अ‍ॅपल खातं काढा, फॅक्टरी रिसेट करा, म्हणजे फोन पार कोरा करा, आणि खात्याच्या यादीतूनही त्याचं नाव पुसा. एक्स्चेंजवाला माणूस दारात उभा असताना हे करायला बसू नका, आदल्या रात्रीच उरकून घ्या.